ताकाची कळशी आणि मारुतीची उडी

लग्नानंतरची चाळीस वर्षं मी आमच्या पेठेतल्या तालमीला ताक पुरवलं. कुस्तीच्या तांबड्या मातीत ताक, तेल, हळद, लिंबू घालून ती मळावी लागते. पण बाईनं त्या मातीत पाय ठेवायचा नाही. तरुणपणची मी तर जोडव्यांचा आवाज होऊ नये म्हणून चवड्यांवर चालत जायचे, उंबऱ्यावर कळशी ठेवायचे आणि आपल्यामुळं माती बाटली नाही या फुशारकीत घरी यायचे. कसली बावळट! आज भेटली तर तीच कळशी तिच्या डोक्यावर ओतीन.

माझी नात बालवाडीत शिकवते. यंदा तिनं पोरांसाठी मोबाइलवर रामायणाचा सिनेमा करायला घेतला. मारुती झाली त्याच शाळेतली, तिसरीतली एक पोरगी, कारण टेबलावरून उडी मारायची छाती तिची एकटीचीच. शाळेच्या फरशीवर तिचे गुडघे फुटले, म्हणून नातीनं तालमीची मऊ माती मागितली. वस्तादांनी होकार दिला, मारुती म्हणजे पोरगाच असणार असं धरून. तालमीतल्या पोरांनी मातीच्या कडेला टेबल लावलं, माझी निळी नऊवारी मातीवर अंथरली, समुद्र तयार झाला. मारुती शेपूट सावरत आली आणि वस्ताद आडवे आले.

"पोरगी हाय व्हय? मग न्हाय जमायचं. पोरगा उभा करा."

"अहो, उडी हिलाच येते," नात म्हणाली.

"आमचा मारुती बसलाय हितं. त्येला काय वाटंल?"

पोरीनं मुकाट्यानं शेपूट सोडायला घेतलं. ते मला बघवेना. मी चपला काढल्या, ओचा खोचला आणि सरळ मातीत जाऊन बसले.

"वयनी! उठा, माती बाटंल!"

"चाळीस वर्षं माझ्या ताकानं मळली, तवा न्हाय बाटली? देवाला इचारायचं तर इचारा की. मी बसते तवर."

कोनाड्यातला देव काही बोलला नाही. वस्ताद तोंड फिरवून उभे राहिले. तेवढ्यात पोरगी टेबलावर चढली आणि माझ्या डोक्यावरून उडाली.

सिनेमात समुद्राच्या कडेला मी दिसते, गुडघे वर करून बसलेली.

"आज्जे, तेवढं कापू?"

"हात लावून तर बघ!"

लंकेच्या वाटेवर ही म्हातारी कोण, असं बालवाडीतली पोरं विचारतात. विचारू देत.

परवा वस्तादांनी ताकासाठी निरोप धाडला. कळशी घेऊन गेले. उंबऱ्यावर नाही ठेवली. आत जाऊन, मातीत उभी राहून, मीच ओतली.