नसीमाबाईंचा शिंपला

नसीमाबाई विज्ञान शिकवत. पण पुस्तक उघडण्याआधी मूठ उघडत. मुठीत समुद्रातला शिंपला असे: पाठीवर तपकिरी नक्षी, आत सायीसारखी झाक. "हात लाव, मंग बोल," एवढेच त्या म्हणत. सिंदेवाहीच्या आमच्या शाळेतली मुले त्याच्या रेषांवरून अंगठा फिरवीत, आणि शेजारच्या वर्गात मी कविता शिकवत असताना माझी मुले भिंतीला कान लावून बसत. मला ते सोसत नसे.

"आपल्या बोडीतल्या, तळ्याच्या गोड्या पान्यातल्या शिंपीची पाठ पातय काऊन?" त्या विचारत. "तिले लाटा झेलाच्या नाई. याले रोजचा मार. म्हनून हा जाड." मग त्या शिंपल्याचे दोन्ही सुटे भाग जुळवत. बिजागरीचे बारीक दात एकमेकांत बसताना अगदी हळू आवाज येई. तो ऐकायला सगळा वर्ग श्वास रोखून धरी. माझ्या एकाही ओळीसाठी कुणी असा श्वास धरला नव्हता. आणि बाईंनी तर समुद्र पाहिलेलाही नव्हता! बांगड्यांचा व्यापार करणाऱ्या त्यांच्या मामूंनी तो शिंपला आणून दिला होता.

एका दिवाळीच्या सुटीत मी कोकणात गेले आणि पिशवीभर शिंपले घेऊन परतले. बाईंच्या शिंपल्याहून मोठे, देखणे. मुलांदेखत सतरंजीवर ओतले. नसीमाबाई खाली बसून जोड्या लावू लागल्या. मधली सुटी संपली, तरी एकही जोडी लागली नाही.

"बाई, तुमी तं समदे अर्धे अर्धेच आनले जी," त्या हसल्या. मुलेही हसली. वाळूवर बहुधा एकेकटा भागच सापडतो, हे मला ठाऊक नव्हते.

मग त्या जवळ सरकल्या. आवाजात चेष्टा नव्हती. "जाऊ द्या. तुमी समुद्र तं पाह्यला. त्याचा आवाज कसा रायते, सांगा न."

तीन दिवस मी किनाऱ्यावर होते. तीनही दिवस मान खाली घालून त्यांच्याहून मोठा शिंपला शोधत होते. आवाज आठवेना. शेवटी मी कवितांतून पाठ असलेला समुद्र सांगितला. त्या डोळे मिटून ऐकत राहिल्या.

दुसऱ्या दिवशी त्या वर्गाला तोच समुद्र सांगत होत्या. "आपल्या कवितेच्या बाईनं सोता आयकला आहे." माझे खोटे त्यांच्या तोंडी खरे वाटत होते, आणि त्याचाही मला हेवा वाटला.

गेल्या उन्हाळ्यात त्या वारल्या. समुद्र पाहायचा राहूनच गेला. त्यांच्याजवळ समुद्र होता तो एवढाच, मी कवितांतून सांगितलेला. खरे सांगायला मधली तीन वर्षे होती. शाळेत त्या रोज भेटत.