स्वखुशीचा कागद

"तुम्हीच वाचा बरं," मॅडम म्हणाली अन् दुसरीचं मराठीचं पुस्तक माह्या हातात कोंबलं.

शहरातल्या सदर भागातली खाजगी शाळा. निकालाचा दिवस. वर्गात वीस-पंचवीस मायबाप बसले होते. माही पोरगी रोशनी माह्या पदराले धरून उभी.

"तुमची मुलगी धडा पाठ म्हणते. वाचत नाही. चित्र झाकलं की गप्प. घरी कोणाला तरी वाचता येतं का, बघू दे."

मी पानाकडं पाहत राहिली. पारशिवनीजवळच्या खेड्यात चार वर्ग शिकली मी. गुरुजी म्हणत, आम्ही मागून म्हणत होतो. तशीच पास झाली. अक्षरं ओळखत होती. जोडायची कशी, ते कोणी सांगतलंच नाही.

"घ... र..." एवढंच निघालं. मागं एक बाई फिसकन हसली.

मॅडमनं पुस्तक ओढून घेतलं. बाकीच्यायले म्हणाली, "आरटीईची मुलं घ्यावीच लागतात आम्हाला. घरात हे असं. आम्ही काय करणार?"

मी धंतोलीतल्या एका दवाखान्यात फरशा पुसते. रक्त पुसलं, ओकारी पुसली. तिथं कधी लाज वाटली नाही. त्या दिवशी वाटली.

घरी आल्यावर रोशनी म्हणे, "माय, आपल्याले डोकंच नाही का वं?"

मॅडमचं बोलणं एकवेळ गिळलं असतं. हे नाही गिळता आलं.

सुट्टीत माहेरी गेली. तिथं जिल्हा परिषद शाळेतल्या नंदाबाई सकाळी समाजमंदिरात पोरायले वाचाले शिकवून राहिल्या होत्या. रोशनीले घेऊन गेली. बाईनं चित्र दाखवलं नाही. चारच अक्षरं दिली. क, म, ल, न. एकेकाचा आवाज. मंग काना.

"अंदाज नको मारू. एकेक आवाज काढ अन् जोड."

ना. क. नाक. रोशनीनं म्हटलं अन् आपल्याच नाकाले हात लावला.

रोज आधी कालचे शब्द. ते पक्के झाले तरच नवं अक्षर. मंग त्याच अक्षरायची वाक्यं. चुकली तर बाई रागवत नव्हत्या, चुकलेल्या आवाजावर परत नेत होत्या.

मी मागं बसत होती. बाई म्हणाल्या, "तू बी म्हण वं." मी म्हटलं.

तिसऱ्या आठवड्यात बसस्टँडवरची पाटी मी सरळ वाचून गेली. रडू नाही आलं. संताप आला. डोकं तर होतं माह्याजवळ. शिकवणारानं शिकवलं नाही, अन् मी जन्मभर स्वतःले ढ समजली.

जूनमध्ये शाळेत बोलावलं. रोशनीले घेऊन गेली. मॅडमनं एक कागद पुढं सरकवला. "इथे सही करा. फॉर्मॅलिटी आहे."

मी खुर्चीवर बसली. बोट ठेवून वाचाले लागली. मॅडम घड्याळ पाहून राहिली.

"मुलीला अभ्यास झेपत नसल्याने मी तिला... स्व... खुशीने शाळेतून काढत आहे."

मी मान वर केली. "कोणाची खुशी, मॅडम?"

तिचा चेहरा उतरला. मंग म्हणे, "मुलीच्या भल्यासाठीच आहे हो."

टेबलावर तिसरीचं नवं पुस्तक होतं. मी मधातलंच पान उघडलं. रोशनीनं वाचलं. जोडाक्षरापाशी अडली. मागं गेली, फोडलं, जोडलं. पान पुरं केलं.

"फारच हळू वाचते," मॅडम म्हणाली.

"वाचते," मी म्हटलं. "तुम्ही दोन वर्षं शिकवलं नाही, अन् नापास आम्ही."

"तो कागद इकडे द्या."

"नाही देत. शिक्षणाधिकाऱ्याले दाखवीन." कागद घडी करून पिशवीत टाकला.

सही मी केली नाही, म्हणून रोशनी त्याच शाळेत आहे. मॅडम तिच्याकडं पाहत नाही. मागच्या बाकायवर आरटीईच्या आणखी पाच पोरी आहेत. त्या अजून धडे पाठच म्हणतात. मी त्यायच्या आयायले गाठलं. दर रविवारी त्या पोरी घेऊन माह्या खोलीवर येतात. नंदाबाईनं शिकवलं तसंच शिकवते, पोरीयले अन् आयायले बी.

माफ मी कोणाले केलं नाही. करणार नाही. येत्या सोमवारी तो कागद घेऊन आम्ही सहाजणी आया मुख्याध्यापकाच्या ऑफिसात जाऊ. विचारू, या पोरीयले आवाज जोडाले कोणी शिकवलं, कधी शिकवलं. लिहून द्या म्हणू. दिलेलं तिथंच वाचू, शब्द न् शब्द. खोटं असलं तर त्यायच्याच हातानं खोडाले लावू.