वासाचा किडा

कोथिंबीर कुजावी आणि त्यात कुणी रॉकेल ओतावं, असा एक उग्र, चिकट दर्प हल्ली आमच्या डोंबिवलीच्या मानपाड्यातल्या बाल्कनीत ठाण मांडून बसला आहे. वालाच्या वेलीवर किडे आलेत. ढालीच्या आकाराचे, मातकट, दिसायला अगदी निरुपद्रवी; पण बोट लागायचा अवकाश, की सारी हवा नासवतात! कुठून आली ही पीडा, कोण जाणे. इतक्या वर्षांत इथे कधी पाहिली नव्हती. ठाण्याला नौपाड्यात राहणाऱ्या माझ्या बहिणीची गच्चीवर बाग आहे. ती म्हणाली, "चिरडू नकोस गं बाई! सकाळी ते सुस्त असतात, तेव्हा साबणाच्या पाण्यात ढकल. आणि पानामागची अंडी खरवडून काढ."

हे काम आमच्या ह्यांनी आपणहून घेतलं. मागच्या तापात ह्यांचं गंधज्ञान गेलं, ते परत आलंच नाही. मोगरा नाही, फोडणी नाही, की हा दर्पही नाही. लोकांना त्यात गंमत वाटते. "डोंबिवलीत, कारखान्यांच्या वासात राहायचं म्हणजे बरंच झालं की!" म्हणतात. पण गंध हरवलेल्या माणसाच्या घरात दुसऱ्याला किती हुंगावं लागतं, हे कुणाला कळणार? दूध लागलं का, गॅस सुटलाय का, वरण आंबलं का, दिवसभर आपलं "अगं, बघ गं जरा." हातापायांना रविवार मिळतो हो, नाकाला नाही मिळत. काल इतकी दमले होते, की तोंडातून निघूनच गेलं, "जन्मभर मीच हुंगत बसू का?" ते उठून बाल्कनीत गेले आणि वेलीची पानं उलटून बघत बसले.

आज सकाळी बाल्कनीतून हाक आली, "अगं, लवकर ये!" तळहातावर किडा घेऊन, नाक मुरडून हे उभे. "शी! काय घाण मारतोय गं! आला, मला वास आला!" क्षणभर माझाही जीव हलका झाला. मी वाकून पाहिलं. वासाच्या किड्याचे पंख पाठीवर एकमेकांवर चढलेले असतात. ह्याच्या पाठीवर मधोमध सरळ रेघ होती. साधा भुंगा. मी नाक अगदी टेकवलं. त्याला कसलाच वास नव्हता.

ते माझ्याकडेच बघत होते. कालपासून मनात काय काय घोळवलं असेल ह्यांनी, एवढंसं खोटं बोलण्यासाठी! मी पदर नाकाला लावला. "ई! टाका हो तो आधी," म्हटलं, आणि आम्ही दोघं बराच वेळ नाक दाबून उभे राहिलो.