मॅडमनी निळा रंग पुसला

बिराजदार मॅडमची पहिली ओळख झाली ती माझ्या मुलाखतीत, नांदेडच्या त्यांच्या छोट्या ऑफिसात. मी केलेलं सॉफ्टवेअर मोठ्या ऐटीत मांडलं. मॅडमनी लॅपटॉप चहा घेऊन आलेल्या मावशींपुढे सरकवला आणि यात काय कळतं ते विचारलं. मावशींना काहीच कळलं नाही. मला घाम फुटला, पण नोकरी मिळाली.

साठीतही मॅडमची ही सवय सुटलेली नाही. स्क्रीन ज्यांच्यासाठी केली, त्यांच्या हाती दिल्याशिवाय त्या पुढे जाऊ देत नाहीत. आम्ही वैतागतो. त्या ऐकून घेतात आणि गाडी काढायला सांगतात.

गोदाकाठच्या गावांसाठी आम्ही पुराचा इशारा देणारं ॲप करत होतो. धरणातून पाणी सोडलं की मोबाइलवर गावाचा नकाशा येई आणि बुडणारा भाग निळा होई. मॅडम ते दाखवायला माझ्याच गावी आल्या. पसरत जाणारा निळा रंग पाहून पारावर बसलेले माझे वडील खूश झाले.

"लई चांगलं. औंदा पानी हाय म्हना की."

मला हसू आलं. मॅडम हसल्या नाहीत. त्या लातूरच्या, टँकरची वाट पाहण्यात उन्हाळे काढलेल्या. आपल्याकडच्या माणसाला निळा रंग भीती घालत नाही, हे त्यांना तिथंच उमगलं. पावसाळा तोंडावर आला होता. तरी त्यांनी नकाशाच काढून टाकला. त्या जागी लाल पट्टी आली आणि गावाच्या खुणा: पाणी घाटावर, शाळेच्या पायरीला, पारापर्यंत.

त्याच पावसाळ्यात एका दुपारी धरणाचे दरवाजे उघडले. इशारा गेला. घरी फोन वाजत होता, कुणी उचलत नव्हतं. मॅडम खुर्ची ओढून माझ्याजवळ बसल्या. धीर मला देत होत्या आणि पदराचं टोक स्वतः पिळत होत्या. शेवटी वडिलांचाच फोन आला.

"तुझं ॲप पानी शाळेच्या पायरीला येनार म्हनून राहिलंय. तुझ्या मायला घेऊन निघालो."

मॅडम टेबलावर डोकं टेकवून रडल्या.

आता त्या निवृत्त व्हायचं म्हणतात. आमची नवी स्क्रीन मला चटकन कळते, पण वडिलांना कळेल का, याचीच धास्ती वाटते. मॅडमना निरोगी, दीर्घ आयुष्य लाभो, ही मनापासून इच्छा. वडिलांना या लेखाचं सांगितलं, तेव्हा त्यांनीही निरोप दिला.

"मॅडमला म्हनावं, जिवाला जपा. पुढचा पावसाळा बी यायचाच हाय."