थांबलेल्या गंजाचा सिनेमा

"हलू नगा. हललात की भूत व्हतंय."

गिऱ्हाइकाची हनुवटी बोटानं वर करत आमच्या लातूरचे फोटोवाले हे सांगायचे. निजामाच्या अमलातली शेवटची वर्षं ती. फोटो काढायचा म्हणजे श्वास कोंडायचा, हे अख्ख्या गावाला त्यांनीच शिकवलेलं. माझं शिलाईचं दुकान शेजारी. उसना कोट माझा आणि दम त्यांचा, असं आमचं चालायचं.

हा गृहस्थ एकदा दुभती म्हैस विकून हैदराबादेहून हातानं फिरवायचा सिनेमाचा कॅमेरा आणि सिनेमा दाखवायचं यंत्र घेऊन आला. फिल्म एकच मिळाली होती. तिच्यात ना राजा घ्यायचा होता ना राक्षस, नुसता आमचा गंज, म्हणजे धान्याचा बाजार. हे कोण बघणार, असं मी विचारलं.

"मास्तर, आपलं गाव कसं चालतंय ते आपल्याला कुठं दिसतंय?"

त्यांनी गंजात कॅमेरा मांडला आणि गंज जागच्या जागी थिजला. हमाल पाठीवर पोती घेऊन उभे, तराजूवाला तराजू धरून. आता हलतील, मग हलतील, या आशेवर फोटोवाले कॅमेऱ्याची दांडी फिरवत राहिले. हला की, म्हणून ओरडले, तर कपाळभर विभूती लावलेले, धान्याची दलाली करणारे आमचे एक आडते ओठ न हलवता म्हणाले, "आधी फोटू घ्या, मंग हलतो."

शेवटी फोटोवाले वैतागून "झालं, जावा" म्हणाले. हात मात्र सवयीनं फिरतच राहिला.

फिल्म मुंबईहून धुऊन यायला बरेच महिने गेले. मधल्या काळात तापाचं निमित्त होऊन ते आडते वारले. मग एका भर दुपारी कापसाच्या गोदामाची दारं लावून आम्ही सिनेमा पाहिला. पडद्यावर बैलांच्या शेपट्या हलत होत्या, धूळ उडत होती, माणसं तेवढी खांबासारखी. लोक पोट धरून हसले. फोटोवाल्यांचा चेहरा एवढासा झाला. मला फार वाईट वाटलं.

आणि शेवटी अख्ख्या गंजानं एकदम श्वास सोडला. पोती धपाधप पडली. आडते उपरण्यानं तोंड पुसून कॅमेऱ्याकडे बघत खदखदून हसले. 

आडत्यांची बायको मागच्या रांगेतून उठली. "दादा, ह्यांना आणखी एकदा हसू द्या की."

त्यांनी ते पुन्हा लावलं. पुढं ती माउली बाजाराला आली की ते दुकानाचं दार ओढून घेत आणि तेवढाच तुकडा दाखवत.

फोटोवाले वारल्यावर त्यांचं सामान आवरताना ती फिल्म मी उजेडात धरून पाहिली. बाकी सगळी नवी करकरीत होती. फक्त त्या हसण्याच्या जागी झिजून झिजून पांढरी पडली होती.