मुहूर्त नसलेल्या दिवशी पुणं

फोनवर मी एकवीस तारीख मागितली, तर पलीकडच्या बाई म्हणाल्या, "एकवीसला टूर नाही. मुहूर्त आहे."

"अहो, मला लग्न नाही करायचं. पुणं बघायचंय."

"कळलं. पण मुहूर्त आहे. तेवीसला या. साडेआठला बस निघते. आठ पस्तीसला आलात तर बस दिसणार नाही." आणि फोन ठेवून दिला. मी वहीत तेवीस लिहून ठेवली.

बार्शीहून लग्नकार्याला पुण्याला मी पुष्कळदा गेले आहे, पण पुणं म्हणून पुणं कधी बघितलं नव्हतं. आमच्या भजनी मंडळातल्या बायकांना एक दिवसाची पुण्याची सहल करायची होती. ती गाईडच्या टूरबरोबर करावी की आपली आपण हिंडावं, हे ठरवण्यासाठी मी पुढे जाऊन एकदा बघून येते, असं मी सगळ्यांना सांगितलं. खरं कारण निराळं होतं. ते सांगितल्याशिवाय पुढचं काही कळायचं नाही, म्हणून सांगूनच टाकते.

मागच्या वर्षीची सहल मीच ठरवली होती. माझ्या थोरल्या जाऊबाई, त्यांना आम्ही अक्का म्हणतो, बसमध्ये माझ्या शेजारी होत्या. वय अडुसष्ट. परतताना त्यांनी माझा पदर ओढून हळूच सांगितलं, "सुमन, जायला लागतंय गं." मी म्हटलं, "आलंच अक्का, दहा मिनिटं." दहाची चाळीस झाली. ड्रायव्हरला थांब म्हणायची मला लाज वाटली. बत्तीस वर्षं शाळेच्या ऑफिसात बसून भल्याभल्यांना रांगेत उभं करणारी मी, त्या दिवशी तोंडातून शब्द काढला नाही. मग व्हायचं ते झालं. बसमध्ये कुणी काही बोललं नाही आणि त्या न बोलण्यानंच अक्का अर्ध्या झाल्या. तेव्हापासून त्या घराबाहेर पडल्या नाहीत. भजन बंद, हळदीकुंकू बंद, सख्ख्या भाचीच्या लग्नालाही गेल्या नाहीत. मला एका शब्दानं बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या तर फार बरं झालं असतं.

तेव्हा पुण्याची टूर चांगली की वाईट हे मला एकाच मापानं मोजायचं होतं. अक्कांना नेता येईल का?

आदल्या दिवशी दुपारच्या एस.टी.नं निघाले आणि कोथरूडला पुतणीकडे उतरले. सकाळी तिनं पोहे केले, पाण्याचा तांब्या पुढे ठेवला. पोहे खाल्ले, पाणी प्यायले नाही. प्रवासाला निघालेली आमच्याकडची बाई अर्ध्या कप चहावर दिवस काढते. हे कुणी शिकवत नाही, आईचं बघून अंगात येतं. पुतणी म्हणाली, "काकू, अगं घोटभर तरी!" मी म्हटलं, "नको गं बाई, बसमध्ये बसायचंय."

आठ वीसलाच बसपाशी हजर झाले. छोटी बस, आम्ही चौदा जण. गाईड म्हणजे फोनवरच्याच बाई, मेधाताई. पन्नाशी उलटलेली, सुती साडी, खाली धावायचे बूट आणि खांद्याला एक भलीमोठी पर्स. प्रत्येकाच्या हातात त्यांनी पाण्याची सीलबंद बाटली दिली. "पाणी प्या. विसरू नका," एवढंच म्हणाल्या.

माझ्या शेजारी एक काका बसले होते. टोपी, चष्मा, मांडीवर वही. "मी कोथरूडचा. साठ वर्षं पुण्यात आहे," त्यांनी मी न विचारताच सांगितलं. "सगळं बाहेरून बघितलेलं आहे. म्हटलं, आता आतून बघू. आणि ही मंडळी लोकांना काय काय सांगतात, तेही जरा बघू."

पहिला थांबा आगाखान पॅलेस. कमानींची लांबच लांब रांग, पुढे हिरवळ, झाडांची गार सावली. मागच्या बाजूला कस्तुरबांची समाधी. तिथं सगळेच आपोआप हळू बोलायला लागले. मीही हात जोडले. पण मन थाऱ्यावर असेल तर ना! मी वही काढून लिहीत होते. बस ते दार किती पावलं. पायऱ्या किती. कठडा आहे का. कडी आतून लागते का. नळाला पाणी आहे का.

पुढे वानवडीला शिंदे छत्री (महादजी शिंद्यांची समाधी) झाली. तिथून निघाल्यावर काकांनी माझ्या वहीकडे नजर टाकली.

"तुम्हीही तपासताय वाटतं?"

"हो."

"शाब्बास! मला आत्तापर्यंत दोन चुका सापडल्या. तुम्हाला?"

"एक," मी म्हटलं. वाटेत चहाला थांबलो होतो तिथल्या दाराला कडी नव्हती. ठिकाणाचं नाव लिहीत नाही. कडी काय, एव्हाना बसवलीही असेल.

काकांना हुरूप आला. त्यांनी पुढे बघून आवाज चढवला, "अहो मेधाताई, आधी इंग्रजांच्या काळातला पॅलेस, मग पेशवाई आणि सगळ्यांत जुनं पाताळेश्वर संध्याकाळी! हा काय क्रम झाला? इतिहास उलटा चाललाय तुमचा!"

मेधाताई मागे वळल्यासुद्धा नाहीत. "इतिहास उलटा चाललाय, बस सुलटी चाललीय. बसा."

सगळी बस हसली. काका वहीत काहीतरी जोरात खरडत बसले.

पर्वतीच्या पायथ्याशी अकरा वाजले होते. शंभराच्या वर पायऱ्या आहेत, पण रुंद आणि सोप्या. मी मोजत चढायला लागले. चाळीसपर्यंत मोजल्याचं आठवतं. मग तोंडाला कोरड पडली, डोळ्यांपुढे अंधारी आली आणि मी तिथंच बसले. लोक वर गेले. मनात म्हटलं, सुमन, झाली तुझी पुण्यात शोभा!

मेधाताई वरून दोन-दोन पायऱ्या उतरत आल्या. शेजारी बसल्या. माझ्या पिशवीतून बाटली काढली, झाकण फिरवून उघडलं आणि माझ्या हातात दिली.

"अकरा वाजलेत आणि सील तसंच. मी पहिल्या थांब्यापासून बघतेय. बाटल्या मी तहानेसाठी देत नाही. कुणाचं सील फुटलं नाही, ते बघायला देते. जिचं फुटत नाही, तिला काय भीती आहे ते मला कळतं. प्या आता."

मी प्यायले. आणि काय झालं कुणास ठाऊक, त्या अनोळखी बाईजवळ मी सगळं भडाभडा बोलून गेले. अक्का, तो पदर, ती चाळीस मिनिटं, सगळं. वहीही दाखवली. त्यांनी दोन पानं वाचली. मला वाटलं, आता हसतील. त्या हसल्या नाहीत.

"मला वाटलं, तुम्हीही माझ्या सनावळ्या तपासताय," त्या म्हणाल्या. "अहो, ही टूर पेशव्यांच्या क्रमानं आखलेलीच नाही. ती मी तुमच्या या वहीच्या क्रमानं आखलीय. पाऊण तासाच्या वर कुठंही गाडी सलग चालत नाही. आणि जिथं सोय धड नव्हती तिथं मी सोय केलीय."

पर्समधून त्यांनी किल्ल्यांचा जुडगा काढला. "ही मंगल कार्यालयाची. दुपारचं जेवण तिथं. लग्न असलं की वऱ्हाड असतं, मग आपल्याला कोण आत घेणार? म्हणून मुहूर्ताच्या दिवशी टूर ठेवत नाही. आणि ही एका दवाखान्याची, शनिवारवाड्याजवळ. डॉक्टर दुपारी बंद करतात, पण माझ्याकडे किल्ली ठेवलीय."

"हे तुम्ही फोनवर का नाही हो सांगितलं?"

"काय सांगू? टूरच्या पत्रकावर काय छापू? इतिहास कुठूनही सुरू करता येतो हो. हे थांबवता येत नाही."

मला हसू फुटलं. किती दिवसांनी, देवाशप्पथ! पर्वती मात्र तेवढीच झाली. मेधाताईंनी मला वर चढू दिलं नाही.

मंगल कार्यालयात नुसता शुकशुकाट. कालच्या लग्नाची फुलं अजून खांबांना लटकत होती, खुर्च्या एकावर एक रचलेल्या. आधी मेधाताईंनी बायकांना मागच्या बाजूला नेलं. ओळीनं पाच खोल्या, पाचही स्वच्छ, पाचांनाही कडी. मग टेबलावर जेवण. मसालेभात, मठ्ठा, फदफदं (अळूची पातळ भाजी) आणि जिलबी. आमच्याकडच्या तिखटाची सर नाही, सगळ्यात गुळाचा हात सढळ, पण भूक लागली होती. दोन पेले मठ्ठा प्यायले आणि वर पाणीसुद्धा. आणि एक सांगायचं राहिलंच. उलट्या इतिहासावर एवढं बोलणारे काका त्या दिवशी प्रत्येक थांब्यावर बसमधून सगळ्यांत आधी उतरत होते, आणि तडक कुठं जात होते ते मी बघितलं होतं.

जेवणानंतर मंडईत गेलो. दगडी इमारत, मधोमध मनोरा आणि त्याखाली गोलाकार बसलेले भाजीवाले. मी एका फळवाल्याला विचारलं, "अंजीर कसे दिले?"

"बघायला आलात की घ्यायला?" त्यानं मान वर न करता विचारलं.

"दोन्ही."

"मग आधी बघून घ्या." मी बघितले आणि पाव किलो घेतले. गोड निघाले, हे नाइलाजानं कबूल करते.

शनिवारवाड्यापाशी बस थांबली तेव्हा बाकीचे आत गेले. मेधाताईंनी मला दवाखान्याची किल्ली दिली. "तुमच्या जाऊबाईंसाठी ही जागा तुम्ही स्वतः बघून या. चालत तीन मिनिटं. पायरी एकच आहे."

खरंच एकच पायरी होती. आत उजेड, जमीन कोरडी, बसायला उंच कमोड आणि म्हाताऱ्या पेशंटांसाठी भिंतीला पक्की दांडी बसवलेली. मी ती दोन्ही हातांनी धरून बघितली, हिसका देऊन बघितला. बसून उठून बघितलं. दांडी हलली नाही. आणि त्या बंद दवाखान्याच्या संडासात, एवढी मोठी बाई मी, दांडी धरून घळाघळा रडले. वर्षभर छातीवर बसलेलं ओझं उतरलं होतं. अक्का येऊ शकत होत्या.

तोंड धुऊन परत आले तेव्हा मंडळी वाडा बघून बाहेर येत होती. मला मोठा दिल्ली दरवाजा तेवढा बाहेरून दिसला. मग संध्याकाळी पाताळेश्वर. जंगली महाराज रस्त्यावर गाड्यांचा नुसता कल्ला, आणि चार पावलं आत गेलं की एका अखंड खडकात कोरलेलं गार, शांत देऊळ. बाहेर गोल छपराखाली नंदी. इथं मी वही काढलीच नाही. काकाही गप्प बसले होते. निघताना मेधाताईंना म्हणाले, "शेवटी हेच बरं. दिवसभराच्या धावपळीनंतर." त्यांच्याकडून याहून जास्त कौतुक होणार नव्हतं. मेधाताईही "हं" म्हणाल्या आणि बसमध्ये चढल्या.

दुसऱ्या दिवशी दुपारी बार्शीत उतरले ते घरी न जाता थेट अक्कांकडे. त्या स्वयंपाकघरात शेंगा फोडत बसल्या होत्या. मी समोर बसले आणि आधी मुख्य तेच बोलले. "अक्का, त्या दिवशी मी गाडी थांबवायला पाहिजे होती. चुकलं माझं."

त्यांनी वर बघितलं नाही. शेंगा फोडत राहिल्या. मग मी वही काढली आणि पहिल्या थांब्यापासून शेवटच्यापर्यंत सगळं वाचून दाखवलं. किती पावलं, किती पायऱ्या, कुठं कडी, कुठं पाणी, दवाखान्यातली दांडी. वाचून झाल्यावर अक्कांनी विचारलं,

"आन् शनवारवाडा?"

"तिथून दवाखाना तीन मिनिटांवर—"

"ते न्हवं गं. वाडा कसा हाय?"

"दरवाजा मोठा आहे. आत मी गेले नाही."

"आन् पर्वती?"

"चाळीस पायऱ्या चढले. मग चक्कर आली."

अक्कांचे हात थांबले. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि वर्षभरानं पहिल्यांदा तोंडाला पदर लावून हसल्या. "अगं माझे आई! म्हंजी एवढ्या लांब जाऊन तू नुसते संडास बघून आलीस व्हय?"

"हो."

"मग आता मलाच यायला पायजे तुझ्यासंगं. तुझ्यानं एकटीनं काय पुणं बघून व्हायचं न्हाई."

मीही त्यांच्याबरोबर शेंगा फोडायला लागले. संध्याकाळी भजनाला गेले तेव्हा सगळ्यांनी विचारलं, काय मग, टूर कशी आहे? टूर चांगली आहे, गाईड फटकळ आहे आणि आपण जायचंय, असं मी सांगितलं. पण त्याच्याही आधी, अजून चपला काढत होते तेव्हाच सांगितलं, की अक्का येणार आहेत.