बॅक बटण

सुई टोचण्याआधी दंडाला स्पिरिट लावतात, त्या गार वासाने मला नवीन पनवेलमधली ती लॅब आठवते. दहा-बारा वर्षांपूर्वी तिथले रिपोर्ट लोकांना इंटरनेटवर बघता यावेत म्हणून मी वेबसाइट बनवली होती. एका दुपारी मी तिथे असताना उरणकडची एक तरुण कोळीण काउंटरशी आली. तिने सांगितलं, कामोठ्याच्या सायबर कॅफेत तिने आपला रिपोर्ट पाहिला, लॉगआउट केलं आणि ती उठली. मग सोबत आलेला दीर त्याच खुर्चीत बसला, त्याने बॅक दाबलं आणि तिचा आजार त्याच्यासमोर उघडा पडला. "भाऊ, मी तं बंद केलं व्हतं. मंग त्याला कसं दिसलं? आता घरात घेत नाय मला, पोरीला हात लावू देत नाय." ब्राउझर पान स्वतःकडे साठवून ठेवतो, आणि ते साठवू नकोस असं सांगणारी ओळ मी वेबसाइटच्या कोडमध्ये घातलीच नव्हती, हे मला तिथल्या तिथे कळलं. तरी मी म्हणालो, "ताई, तुमच्याकडूनच नीट बंद झालं नसेल." "आसंल," ती म्हणाली आणि गेली. ती ओळ मी तासाभरात घातली, पण ती बाई लॅबमध्ये पुन्हा कधी आली नाही. तिने सगळं बरोबर केलं होतं, हे तिला सांगायला कुठे जावं, हे मला आजही माहीत नाही.